स्वस्त झालेलं नाव

कुत्र्याचं पिल्लू बुटात मावायचं तेव्हा त्याचं नाव टिल्लू पडलं. आता नऊ महिन्यांचा घोडा झाला होता आणि हाक मारली तर कान हलवायचीही तसदी घेत नव्हता.

बाइंडरकाका एकटेच. बायको जाऊन तीन वर्षं झालेली. पुढच्या खोलीत पुस्तकं बांधायची, मागच्या खोलीत झोपायचं. गेल्या आठवड्यात टिल्लू फाटकातून निसटला तो थेट रस्त्यावर. काकांनी घसा फोडून दहा हाका मारल्या; थांबला तो टिल्लू नव्हे, ट्रक. ट्रकवाल्याने त्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. काकांचं तिकडे लक्षच नव्हतं. हाही गेला तर घरात कोण, एवढंच डोक्यात होतं.

"वयात आलाय," कुत्र्यांच्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "या वयात ऐकू सगळं येतं, ऐकायचं मात्र नसतं. मारू नका, ओरडू नका. पण मला सांगा, दिवसातून त्याचं नाव किती वेळा घेता?"

"घेतो आपलं दहा-बारा वेळा."

साफ खोटं. सकाळी 'टिल्लू, खळ पातळ झाली रे' इथून सुरुवात व्हायची. मग 'टिल्लू, पुठ्ठा बघ कसला पोचट दिलाय', 'टिल्लू, आज गुडघा काही ऐकत नाही'. दोनशेच्या खाली आकडा नसायचा.

बाईंनी ओळखलं असावं. "काका, नाव स्वस्त झालंय. हे वय सरेपर्यंत उगाच बोलू नका त्याच्याशी. लांब दोरी लावा, हाक एकदाच मारा. आला की खाऊ द्या आणि परत खेळायला सोडा. हाक म्हणजे मजा संपली, असं त्याला वाटता कामा नये."

पहिल्याच दिवशी काकांनी तीनदा जीभ चावली. दुपारभर खोलीत दाभणाचा आवाज तेवढा होता. टिल्लू पुनःपुन्हा येऊन त्यांच्या तोंडाकडे बघून गेला. त्याच्याआधीची दोन वर्षं आपण या घरात कशी काढली, ते काकांना आठवेना.

तिसऱ्या आठवड्यात मैदानावर दोरीची गाठच सुटली. टिल्लू एका मांजरामागे उधळला आणि मांजर रस्त्याकडे. काकांनी एकदाच हाक मारली. दुसरी ओठांवर आली होती, ती गिळली. टिल्लू अडखळला. त्याने मांजराकडे बघितलं, काकांकडे बघितलं आणि वळला.

काकांनी खाऊ दिला, त्याच्या मानेत तोंड खुपसलं आणि चांगले हुंदके देऊन रडले.

घरी जाताना त्यांना राहवेना. एका हाकेत आला. मांजर सोडून आला. कोणाला तरी सांगायलाच हवं होतं. सांगावं असा जगात एकच जण होता. तो शेजारून चालत होता, आणि त्याच्याशी उगाच बोलायचं नव्हतं.