डायलॉगांचं मेमरी कार्ड

चिंतामणरावांच्या मोबाइलमध्ये प्रत्येक माणसाला सिनेमातला एकेक डायलॉग नेमून दिलेला होता. कधीकाळी जेल रोडच्या दुकानातून मेमरी कार्डात भरून आणलेला तो खजिना फोन बदलले तरी त्यांनी सोडला नव्हता. बायकोचा, म्हणजे कुमुदिनीबाईंचा, फोन आला की कोणी हवालदार ओरडे, "भागने के सारे रास्ते बंद हैं!" हल्ली लोकांचे फोन नुसते थरथरतात, याचं त्यांना मनापासून वाईट वाटे. छत्रीबागेत भेटेल त्याला ते हे तासभर ऐकवत.

आज मात्र त्यांच्या अबोलीला बघायला स्नेहलतागंजातून उन्मेष आणि त्याची आई आले होते. मुलांचं आपसात आधीच जमलेलं होतं. घोडं अडलं होतं ते आईच्या, निशिगंधाबाईंच्या होकारावर. फोन सायलेंट ठेवा, म्हणून अबोलीने बाबांना शपथ घातली होती. चिंतामणरावांनी मान डोलावली आणि फोन तसाच खिशात टाकला. त्याचं तोंड दाबायला त्यांचा हातच धजत नसे.

पोहे-जलेबी झाली. निशिगंधाबाई खूश दिसत होत्या. फोटो याच नंबरवर पाठवू ना, असं विचारून त्यांनी खात्रीसाठी मिसकॉल दिला.

चिंतामणरावांच्या खिशातून कुणी नोकर किंचाळला, "मालिक, वो फिर आ रही है! बच्चों को तहखाने में छुपा दो!"

अबोलीने डोळे मिटून घेतले. चिंतामणरावांनी घाईने खिसा दाबला. महिनाभर बाईंचे चौकशीचे फोन थांबतच नव्हते, म्हणून त्यांना हा डायलॉग नेमला होता, पण हे सांगणार कोणत्या तोंडाने? पोरीचं लग्न आपणच मोडलं, एवढंच त्यांना कळत होतं.

निशिगंधाबाईंनी पर्स मांडीवर घेतली. "चिंतामणजी, आता तुम्ही लावा मला."

"आई, नको ना," उन्मेष कळवळून म्हणाला.

चिंतामणरावांनी कसाबसा नंबर लावला. पर्समधून एक दरोडेखोर गरजला, "इसकी ज़बान काट दो, वरना ये सुबह तक बोलेगा!"

मग चिंतामणरावांनी हळूच विचारलं, "जेल रोड?"

"नाही, आमच्या गल्लीतलं दुकान. कार्ड अजून आहे माझ्याकडे."

दोन्ही डोकी एका फोनवर वाकली. कुमुदिनीबाई उसासा टाकून उठल्या.

"अबोली, परत पोहे भिजव. लग्न ठरलं, पण हे लोक आता उठत नाहीत."