उआलीचा बेंदीर

मी बेंदीर बोलतोय. तुमच्या डफाचा लांबचा भाऊबंद म्हणा. बोलतोय खरा, पण सध्या मला तोंड नाही. ते कालच कापून काढलं. आणि त्याआधी वर्षभर असून नसल्यासारखंच होतं.

जुर्जुराच्या डोंगरातल्या दादा उआलीनं मला स्वतःच्या हातानं घडवलं. लाकडाचं कडं, वर बकऱ्याचं कातडं, आत ताणलेली आतड्याची तात आणि धरायला अंगठ्यापुरतं भोक. वाजवण्याआधी तो मला शेगडीवर शेकायचा. टिचकी मारून म्हणायचा, "उठलास का रे आळशा?" मग लग्न असो की ऑलिव्हची तोडणी, तो गायचा आणि गाव नाचायचं.

तो गेला. मुलगा लूनिसनं मला बैठकीत टांगलं. कातड्यावर बापाच्या बोटांचे काळे डाग होते. ते पुसू नयेत म्हणून वर चक्क वॉर्निश फासलं, दारांना लावतात ते! पाहुणे यायचे, "केवढा वारसा!" म्हणायचे, फोटो काढून, कॉफी पिऊन जायचे. एकानं टिचकी मारली असेल तर शपथ. मारली असती तर कळलं असतं, वारसा फळीसारखा वाजतोय.

आता लूनिसच्या लेकीचं, दिह्याचं लग्न आलंय. मेंदीला गाणी हवीत म्हणून काल तिच्या आजीनं, वर्दियानं, मला उतरवलं, शेकलं, थाप मारली. ठक्.

"लूनिस, हे काय केलंस?"

"बाबांचे हात जपले, आई."

"आणि आवाज मारलास! त्याचे हात मीही शोधते रे, रोज. म्हणून पोरीनं काय भिंतीकडे बघून नाचायचं?"

"स्पीकर आणतोय ना."

"आण. त्यालाच मेंदी लाव."

म्हातारीनं सुरी घेतली आणि कातडं कडेकडेनं कापलं. लूनिस ते मांडीवर घेऊन बसून राहिला.

आज मी नुसतं कडं आहे. नवं कातडं बादलीत भिजतंय. मघाशी लूनिसनं मला उचललं आणि सवय नसताना अंगठा भोकात घातला. बापाच्या अंगठ्यानं ती कड झिजून गुळगुळीत झालीय. त्यानं बराच वेळ अंगठा काढला नाही.

बाबांनो, मला ताणा, शेका, बडवा. फाटलो तरी तक्रार नाही. फक्त तो वॉर्निशचा डबा घराबाहेर काढा. परवा मेंदी आहे.