कैचीचा खिळा

रिजवाननं लग्नानंतर नाहिदला स्कूटी घेऊन दिली, तेव्हा दिग्रसच्या अख्ख्या मोहल्ल्यानं तिच्या नशिबाचा हेवा केला. रिजवानचं गॅरेज घराच्या पुढच्याच खोलीत. संध्याकाळी तो स्वतः स्कूटी पुसायला घ्यायचा आणि पुसता पुसता मीटर बघायचा. तिच्या खालाचं, म्हणजे मावशीचं, घर किती दूर, बाजार किती दूर, सगळं त्याला पाठ. आकडा जास्त निघाला की घास गिळू द्यायचा नाही, विचारत राहायचा. आवाज मात्र कधी चढवला नाही. मारकुटा नवरा असता तर चार बायकांपुढं रडता तरी आलं असतं. याच्याबद्दल काय सांगायचं, गाडी फार पुसतो म्हणून?

शिवणक्लासातली मैत्रीण उज्ज्वला, तांड्यावरची. तिनं बसस्टँडजवळ गाळा घेतला आणि नाहिदला भागीदारीत बोलावलं. आज हो म्हण, नाही तर दुसरी बघते, असंही बजावलं. नाहिदनं डोकं चालवलं. स्कूटी खालाच्या दारात लावली आणि उज्ज्वलाच्या गाडीवर मागं बसून गाळा गाठला. तिथली मशीन आणि मोठी खिडकी बघून ती हरखूनच गेली. पिशवीतली आपली कैची काढून तिनं कटिंगच्या टेबलावर ठेवली. शिवणारी बाई आपल्या कैचीला कुणाला हात लावू देत नाही. ती दुकानात ठेवून येणं म्हणजे पक्का शब्द.

संध्याकाळी रिजवाननं मीटर बघितलं. आकडा बरोबर खालाच्या घराएवढाच. नाहिदला मनातल्या मनात हसू फुटलं.

फडकं ठेवायला तो भिंतीकडे वळला. तिथं त्याचे पाने ओळीनं टांगलेले, प्रत्येकाचा खिळा ठरलेला. नाहिदच्या कैचीसाठीही त्यानंच कौतुकानं एक खिळा ठोकून दिला होता. तो रिकामा होता. आनंदाच्या भरात ती हा खिळाच विसरली होती.

“कैची कुठं हाय?”

“खालाकडं राह्यली.”

“कैची तं तू कुठीच इसरत नाही, नाहिद.”

पुढं त्यानं काही विचारलं नाही. तिच्या हातातली स्कूटीची किल्ली काढून घेतली आणि त्या खिळ्याला अडकवली.

“रिकामा खिळा बरा नाही दिसत,” तो म्हणाला. “आता कुठं जायचं असलं तं मले सांगत जा. मी नेऊन देईन.”

मग त्यानं हात धुतले आणि जेवायला वाढायला सांगितलं. सकाळी उज्ज्वला शटर उघडून तिची वाट बघणार होती. नाहिदनं ताट घेतलं.