रोझाच्या विहिरीचा सिनेमा

"एवढं शेण आमच्या अंगणात कधीच नव्हतं," रोझा माझ्या कानाशी पुटपुटली.

"गप गं. निम्मं मिश्को लोहाराच्या गोठ्यातलं आहे. पडद्यावर उठून दिसावं म्हणून गाडी भरून आणलं होतं."

"मग खाली त्याचं नाव द्यायचं."

नाव कुणाचंच नव्हतं. पहिल्या पाटीवर झाग्रेबच्या आरोग्य खात्याचं काय ते. रविवारची प्रार्थना आटोपून अख्खं गाव आगीच्या बंबवाल्यांच्या दालनात दाटीवाटीने बसलं होतं. अंधार व्हावा म्हणून खिडक्यांवर घोड्यांच्या घोंगड्या टांगलेल्या, आणि जो तो भोपळ्याच्या बिया सोलत आपलंच गाव बघत होता.

पटकथा रोझाच्या ल्युबिकाची. खात्यात ती डॉक्टरांची भाषणं टंकायची. टंकून टंकून विटली आणि म्हणाली, भाषण कोण ऐकतंय, गोष्ट सांगू या. हा तिचा तिसरा सिनेमा. गावात मात्र सगळे म्हणत, डॉक्टरांनीच लिहिला.

आज ती दाराशी उभी होती, कोटही न काढता. आईशेजारची जागा रिकामी, तरी बसली नव्हती. कारण मला ठाऊक होतं.

रोझाचा धाकटा, श्टेफेक, एकोणीस वर्षांपूर्वी तापाने गेला. मी त्याची धर्ममाता, म्हणून रोझा आणि मी एकमेकींना कुमा म्हणतो. उकिरड्याला लागून असलेली ती विहीर तिच्या नवऱ्याने स्वतः खणलेली, आणि आता तोही नाही. तेव्हा गावात एकच वाक्य चालायचं, देवाने नेलं. विहिरीचं नाव कुणी काढायचं नाही. ल्युबिकाने या सिनेमात काढलं होतं. आईला सांगितलं होतं एवढंच की, आम्हाला फक्त अंगण हवंय.

पडद्यावर मूल दिसलंच नाही. विहिरीशी खुंटीला अडकवलेला एक कप दिसला, काठाचा टवका उडालेला. मग तोच कप, त्यावर कोळ्याचं जाळं. बस्स.

बिया सोलण्याचा आवाज थांबला.

श्टेफेकच्या बाप्तिस्म्याला तो कप मीच दिला होता. निळा होता. तो गेला तेव्हा ल्युबिका सहा वर्षांची, पण टवका कुठल्या बाजूला उडाला तेसुद्धा लक्षात ठेवलं कार्टीने.

"कुमा," रोझा म्हणाली, आणि हातातल्या बिया माझ्या ओंजळीत ओतल्या.

सिनेमा संपला, घोंगड्या खाली आल्या. कुणाला काही विचारायचंय का, असं खात्याकडून आलेले डॉक्टर म्हणाले. मिश्को उठला.

"डॉक्टरसाहेब, शेण झकास दिसलं. माझंच आहे ते." लोक हसले. "पण गोष्टी रचायला तुमचं काय जातं? विहिरीच्या पाण्याने इथे कधी कोण मेलंय?"

डॉक्टर बोलणार, तेवढ्यात रोझाने हातानेच त्यांना थांबवलं. डोक्याचा रुमाल सारखा केला, उभी राहिली आणि दाराकडे बघत बोलली.

"त्यांना नको विचारूस, मिश्को. त्यांनी नाही लिहिलं ते. माझ्या ल्युबिकाने लिहिलंय, आणि अक्षर न् अक्षर खरं लिहिलंय. माझा श्टेफेक त्याच पाण्याने मेला."