खिडकीवरचा अंतरपाट

ज्याने आयुष्यभर प्रकाशाची सेवा केली, त्याच्या अजाणतेपणास अपराध म्हणणे मला उचित वाटत नाही. एस्टोनियाचे तानेल यांनी चाळीस वर्षे चित्रपटांचे छायालेखन केले होते. सिंगापुरात ऋताचा विवाह चित्रित करून ते निवृत्त होणार होते. ऊन प्रखर होते, म्हणून त्यांनी हाती लागलेले पांढरे वस्त्र खिडकीला लावले.

मुहूर्ताला दोन मिनिटे उरली आणि अंतरपाट सापडेना.

“अहो गुरुजी, तो बघा खिडकीत!” वधूमाता सुलेखाताई ओरडल्या. “काढायला सांगा त्यांना!”

“काढला तर माझ्या शेवटच्या चित्रणात वधूचा चेहराच दिसणार नाही,” मी निरोप सांगताच तानेल इंग्रजीत शांतपणे म्हणाले.

मी वधूवरांमध्ये माझे उपरणे धरविले आणि मंगलाष्टके आरंभली. वधूवरांचे कल्याण असो. तानेल यांची दृष्टी अखंड निर्मळ राहो.