इथे आपलं गाव टाका

नागपूर खंडपीठात आमची तारीख लागली त्या दिवशी मी पेढे वाटले नाहीत, एवढंच शहाणपण माझ्या हातून घडलं.

तारीख अंतिम सुनावणीची होती. पवनीच्या कोसा विणकर सहकारी बँकेची मी वकील. नव्या कायद्याच्या जोरावर वरच्या नियामकांनी ठरवलं होतं की आमची बँक शहरातल्या एका बड्या सहकारी बँकेत विलीन करायची, तीही सभासदांना न विचारता. हायकोर्टाची स्थगिती होती म्हणून आमची पाटी अजून जागेवर होती. आमचं म्हणणं साधं होतं. मागावर ताणा, म्हणजे उभे धागे, चढला की आमचे अध्यक्ष श्रावणजी डेकाटे विणकराच्या घरी जातात, ताण्यावरून हात फिरवतात, चहा घेतात आणि कर्ज मंजूर होतं. बड्या बँकेला घराचे कागद लागतात आणि आमच्या विणकरांच्या घरांना कागदच नाहीत. बँक गेली की माग बंद. हे एकदा न्यायमूर्तींनी शांतपणे ऐकावं, म्हणून मी कोर्टाचे उंबरे झिजवत होते.

आणि सुनावणीच्या आठवड्यातच दिल्लीहून आदेश आला. देशभरच्या हायकोर्टांत अशाच ढीगभर याचिका पडल्या आहेत, त्या सगळ्या सर्वोच्च न्यायालयात एकत्र ऐकल्या जातील. आमची तारीख रद्द झाली.

ढीगभर का पडल्या, ते मला चांगलं ठाऊक होतं. मी तशीच बँकेत गेले.

"काका, तुम्ही सहकारी बँकांच्या नागपूरच्या अधिवेशनात आपली याचिका वाटली होती ना?"

"वाटली ना," श्रावणजी म्हणाले. "क्यालेंडरासोबत पिशवीत टाकून देल्ली सगळ्यायले. तूच त म्हणे, लय दमदार झाली."

"दमदार झाली म्हणाले मी, वाटा असं नाही म्हणाले! नको म्हणून सांगितलं होतं मी."

"अवं पोरी, त्यायच्याही बँका बुडून राहिल्या. शेजारीन विस्तू मागाले आली त आपन चूल झाकून बसाचं का?"

विस्तू! लोकांनी आख्खी चूल उचलून नेली होती. दिल्लीत गठ्ठे उघडले तेव्हा मी कपाळावर हात मारला. आमच्या याचिकेत चौथा परिच्छेद बँकेच्या स्थापनेचा होता. बारा विणकरांनी वैनगंगेच्या घाटावर रेशमाच्या कोशांच्या राशीवर हात ठेवून बँक काढली, त्यात श्रावणजींचे वडील होते. आता कोकणातल्या मच्छीमारांची बँकही कोशांच्या राशीवर हात ठेवून निघाली होती आणि कर्नाटकातल्या सुपारीवाल्यांनीही वैनगंगेचाच घाट गाठला होता. नाव बदलण्यापुरतीही कोणी तसदी घेतली नव्हती. समोरच्या वकिलाला काय, आयतंच कोलीत मिळालं. याचिका शब्दन् शब्द सारख्या आहेत, वेगवेगळ्या ऐकायच्या कशाला, असं तो म्हणाला. त्याचं काय चुकलं?

पुढचा घाव तर याहून वाईट होता. एवढ्या गठ्ठ्यातून एक याचिका मुख्य ठरली, बाकीच्यांनी तिच्या मागे उभं राहायचं. मुख्य ठरली ती त्याच बड्या बँकेची, जी आम्हाला गिळणार होती. तिनेही आमचीच नक्कल मारली होती. तिचं दुखणं एवढंच की नव्या कायद्याने संचालकांना ठरावीक वर्षांनंतर खुर्ची सोडावी लागते. विलीनीकरणाचा मुद्दा तिने अलगद गाळला होता. जेवणाऱ्याने ताटाविरुद्ध तक्रार कशाला करावी?

म्हणून मी नवा अर्ज लिहिला. आमचं प्रकरण वेगळं आहे, आम्हाला वेगळं ऐका. ताणा, घरांचे कागद, विलीनीकरण, सगळं त्यात घातलं. स्थगिती फक्त पुढच्या तारखेपर्यंत होती, म्हणजे हा अर्ज हीच शेवटची संधी. वाचून श्रावणजींचे डोळे भरून आले. मग चष्मा पुसत ते म्हणाले, "कोकनवाल्यायचा फोन होता. त्यायलेही असाच अर्ज पायजे."

"काका, पाया पडते तुमच्या. सगळ्यांनी हाच टाकला तर पुन्हा सगळे सारखेच दिसतील. आपण वेगळे आहोत हे सांगायलाच तर हा लिहिलाय!"

"त्यायच्याजवळ तुझ्यासारखी वकील नाही वं."

"मग बुडू देत ना त्यांना!"

त्यांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. मग हळूच म्हणाले, "माझा बाप असं बोलला असता, त हे बँक निघालीच नसती. धाडून दे."

मी रागारागाने तो अर्ज पाठवला. पाठवण्याआधी आमची सगळी हकिकत काढली आणि त्या जागी ठळक अक्षरांत लिहिलं, 'इथे आपलं गाव टाका, आपली हकिकत लिहा'. एवढं तरी करतील, असं मला वाटलं.

कोकणातून तो पुढे सगळीकडे गेला; दिल्लीत न्यायमूर्तींच्या पुढ्यात अर्जांची चळत होती. त्यांनी वरचे दोन-तीन चाळले, एकावर थांबले आणि मोठ्याने वाचलं, "इथे आपलं गाव टाका." कोर्टात हशा पिकला. आमचा अर्ज त्या चळतीत कुठेतरी खाली होता. तो वेगळा आहे, असं मी तीनदा उठून सांगितलं. लेखी टिपण द्या, असं मला सांगण्यात आलं. सगळे अर्ज मुख्य प्रकरणासोबत ठेवण्यात आले आणि स्थगिती वाढवली नाही.

बाहेर येऊन मी श्रावणजींना फोन लावला. मागे मागाचा खटखट आवाज येत होता, ते कुणाचा तरी ताणा बघायला गेले होते.

"काका, गेलं आपलं. अर्ज ऐकलाच नाही. स्थगिती उठली."

खटखट चालूच राहिली.

"मंग आता ह्याले काय सांगू?" ते म्हणाले. "ताना त चांगला चढवला यानं."

मग त्यांनीच विचारलं, "अन् कोकनवाल्यायचं काय झालं?"

"त्यांचंही तेच झालं, काका."

"अरेरे," ते म्हणाले. "बिचारे."

मी फोन ठेवला आणि कोर्टाच्या पायरीवर बसून रडले. राग इतका आला होता, पण कोणावर काढावा ते काही केल्या ठरेना.