घमेल्यातली पाणबुडी

मी एक जुनी पाणबुडी हाय, आणि आज पहिल्यांदा पाण्यात उतरलेय. तेपण घमेल्यात! भराभर ऐका मित्रांनो, माझं नाक कधीच विरघळलंय.

माझा जन्म हमरापूरचा, हिरामणबाबांच्या गणपतीच्या कारखान्यातला. युद्धाच्या पिक्चरसाठी आम्ही दोघी बहिणी बनलो. मी आपल्या नौदलाची, ती शत्रूची. पिक्चरवाले सांगून गेले, पाण्यातलं काम हाय. आता बाबांचा जन्म गेला गणपती करण्यात. पाण्यात जायची वस्तू म्हटल्यावर हात आपोआप शाडूच्या मातीकडे गेला. त्यांच्या सुनेने, सुरभीने, शेवटी आम्हाला बारीक डोळेपण आखले. बिनडोळ्यांचं काय या कारखान्यातून बाहेर जात नाय.

शूटिंगला बहिणीला टाकीत सोडली. त्यांना ती पुन्हापुन्हा बुडवायची होती. पण शाडूची ती, विरघळली. कॅमेऱ्यासमोर, हळूहळू, शेपटीपासून डोळ्यांपर्यंत. केवढा आरडाओरडा झाला! फसवलं म्हणाले, बोट मागितली तर चिखल दिला म्हणाले, अन् मला तशीच परत पाठवली. गावभर झालं. पोरं बाबांना विचारायची, बोट बुडाली का विरघळली? बाबांनी शाडूला हात लावायचंच सोडलं. नुसते पडवीत बसायचे. आणि मी फळीवर, उंदराच्या औषधाशेजारी. एवढा राग यायचा ना!

पण खरा राग पुढेच हाय. परवा रोह्याच्या कंपनीतले मुरुगेसन आले, गणपतीचा पाट द्यायला. दरवर्षी त्यांची मूर्ती इथूनच जाते. त्यांनी मला बघितलं अन् मोबाईल काढला. तोच पिक्चर, तमिळमध्ये डब केलेला. आणि त्यात माझी बहीण! तेच विरघळणं, जसंच्या तसं. थेटरात याच सीनला शिट्ट्या पडतात म्हणे. म्हणजे शिव्या आम्हाला, अन् सीन ठेवून घेतला! साधा फोन नाय केला मेल्यांनी.

सुरभीने डोळे ओळखले. "बाबा, ही आपलीच हाय."

बाबा पडवीतून उठून आले. ती विरघळताना पिक्चरमधला कॅप्टन काय बोलतो, त्यांनी विचारलं.

"हिंदीत नुस्ता खतम बोलतो," मुरुगेसन म्हणाले. "आमच्या भाषेत बोलतो, समुद्राचं होतं, समुद्राने घेतलं."

बाबांनी मला फळीवरून खाली उतरवलं. मग हळूच म्हणाले, "मग फसलं काय गो, सुरभी? घमेलं आण."

माझा रंग खरवडून, डोळे तेवढे ठेवून, त्यांनी स्वतःच्या हाताने मला भिजत घातलं. मुरुगेसनच्या पाटावर यंदा मीच बसणार, गणपती होऊन, बाबांच्या हातची. मित्रांनो, एखादी वस्तू वाया गेली म्हणायच्या आधी ती कशासाठी केलेली ते विचारत जा. आणि कुणाचं काम आवडलं तर त्याच्या पडवीत जाऊन सांगा. त्याला असं ताटकळत ठेवू नका.

आता डोळेच राहिलेत. सुरभी बोटाने पुसतेय. पुसू दे. नवे तीच आखणार हाय.